उघाडी

साळावच्या पुलाखालून भरती आत शिरते
तेव्हा आमच्या बंधाऱ्याची उघाडी आपोआप मिटते.
लाकडी झडप, वर बिजागरी, बाकी काही नाही.
ओहोटीला आतलं पाणी तिला ढकलून बाहेर जातं,
भरतीला समुद्र स्वतःच ती लावून घेतो.
उघडं ठेवणं म्हणजे काय
हे मी इथे पाहिलं होतं,
कळलं मात्र फार उशिरा.

माझा प्रोग्राम एवढासाच:
जुन्या फाँटात अडकलेलं मराठी
युनिकोडात आणून सोडतो.
पंधरा वर्षांपूर्वी अलिबागच्या सायबर कॅफेत
तासाला वीस रुपये मोजून लिहिला
आणि खाली टाकलं: घ्या, बदला, वाटा.
लोकांनी घेतला.
छापखान्यांनी, तहसिलीतल्या कुणीतरी,
एका बँकेने, जिचं नाव मला
तिच्या तक्रारीवरूनच कळलं.

बदलला फार थोड्यांनी.
धाराशिवच्या इलियासने रफार जागेवर बसवला.
क्राकोवच्या आग्न्येश्काने, जिला मराठीतला 'अ' येत नाही,
मेमरीची गळती शोधली, आणि विचारलं,
तुमची अक्षरं वाघळांसारखी
दांडीला लटकून झोपतात का?
मग तिला जुळी झाली.
त्यानंतर ती दिसली नाही. रागवायचं कशाला.

बाकी येतात ते मागायला.
"शुक्रवारच्या आत करा."
"हे अजून कसं सुटलं नाही?"
"तुमच्यामुळे आमच्या दिवाळी अंकात
दर्याच्या दऱ्या झाल्या."
खरंच झाल्या होत्या. अर्ध्या र-च्या एका ओळीत
मी समुद्राला डोंगरात पाठवलं होतं.
हसले. मग रडले. मग नुसतीच बसले.

अमावास्येच्या उधाणाची रात्र.
आयटीआयच्या पोरांची जर्नलं तपासून झालेली,
पडद्यावर एकच वाक्य:
यापुढे देखभाल होणार नाही.
बटण दाबायचं तेवढं उरलं होतं
आणि दारात चांगाकाका भगत, हातात बॅटरी:
"चल गो, बांदाला खेकऱ्यानी भोक पारलंय."

लहान मुलीच्या बांगडीएवढं भोक.
रात्रभर सोडलं तर सकाळी वीस एकर खारट,
आणि खारट झालेली जमीन तीन पावसाळे रुसते.
पूर्वी घरटी एक माणूस यायचा, चाळीस घमेली रांगेत.
आता पनवेलला गेलेले, जमीन विकलेले,
गुडघे गेलेले वजा करून
आम्ही सहा.
सातवा दिलबहादूर, सुपारीच्या वाडीचा राखणदार,
ज्याचं गावात वीतभर शेत नाही.
"तू कशाला?" मी विचारलं.
"झोपतो तर बांधाच्या आतच ना, मॅडम."

चिखल मांडीपर्यंत. ढेकूळ एका हातातून दुसऱ्यात.
मधूनच कुणाची तरी शिवी, खेकड्याला.
पाणी चढत होतं,
आणि उघाडी धप्पकन मिटली.
काका थकलेत. बॅटरीच्या उजेडातही दिसत होतं.
त्यांनी फावडं दिलबहादूरच्या हाती दिलं
आणि सांगू लागले:
भोक वरून बुजवायचं नसतं,
आधी त्याचा तळ शोधायचा.
मी तिथेच उभी, गारठलेली.
असं मी कुणाला सांगितलंय,
पंधरा वर्षांत एका ओळीनेही?

घरी येऊन पाय न धुताच बसले.
त्या वाक्यात एकच शब्द घातला:
यापुढे देखभाल एकटीकडून होणार नाही.
इलियासला किल्ली पाठवली.
बँकेला बिल.
अर्ध्या र-चा तळ शोधायला घेतला
आणि हाताला काय काय लागतंय
ते शेजारी साध्या मराठीत लिहीत गेले,
मागून येणाऱ्याला चाचपडायला नको.

बँकेचं अजून उत्तर नाही.
इलियासचं आलं: "परीक्षा आहे, मेनंतर बघतो."

चांगाकाकांच्या वहीत त्या रात्रीची नोंद:
दिलबहादूर, ढेकळं त्रेचाळीस.
माझ्या नावापुढे अकरा,
आणि कंसात: उशिरा आली.