अर्धा मिलीमीटर

पहिले अकरा दिवस तिनं बॅग उघडलीच नाही.
मैथिली तांडेल, वय सव्वीस, वेसाव्याची.
जिन्यात चपला काढून पोटमाळ्यावर यायची
आणि पॉलिशच्या मोटरशेजारी बसून राहायची,
जणू कवळीच करून घ्यायला आलीय
नि नंबर लागायचाय.

तिच्याआधी एक चॅनेलवाले येऊन गेले होते.
दिवे, वायरी, "काकू, जरा हसा ना."
पाऊण तासात उरकलं.
माझे साचे सालावार असतात,
त्यांनी उंचीनं लावले, बरे दिसतात म्हणून.
कुणाच्या बायकोचे दात कुणाच्या सासऱ्याला खेटून.
लावायला मला दोन दिवस गेले.

हिनं विचारलं, यांच्यावरची धूळ कशानं पुसता?
दाढीच्या ब्रशनं, मी म्हटलं. यांच्या.
दुसऱ्या दिवशी तीच पुसायला बसली.
चौऱ्याहत्तरपासूनचे जबडे एकेक उचलून,
उलटा करून, तळाचं पेन्सिलीतलं नाव वाचून:
राऊत. पिंटो. म्हात्रे मास्तर.
आणि हे? म्हणाली. ह्यांचं बोलणं कसं होतं?

पन्नास वर्षांत मला हे कुणी विचारलं नव्हतं.
चावता येतं का, एवढंच विचारतात लोक.

बाराव्या दिवशी म्हणाली, उघडू?
तुझी बॅग, मला काय विचारतेस?
तरी लेन्स माझ्या हातांशीच राहिली.
चेहऱ्यापर्यंत यायला गणपती येऊन गेले.

एका दुपारी म्हणाली, माझं माप घ्या.
इतके दिवस तुमचं घेतेय मी.
कॅमेऱ्याला टोपण लावलं, स्टुलावर ठेवला,
आणि आ केला.

गुलाबी पेस्ट, थंड. चार मिनिटं लागतात.
हलायचं नाही, नाकानं श्वास,
बोलायचं तर नाहीच.
माझी दोन बोटं तिच्या तोंडात,
समोर घड्याळ,
आणि मीच बोलू लागले.

धुरूंच्या जिभेला हाड नव्हतं.
गिऱ्हाइकासमोर, भावजयीसमोर, पोरासमोर,
माझी अक्कल, माझं माहेर, माझं वांझोटं पहिलं दशक.
शेवटची कवळी त्यांनी मला करायला सांगितली,
त्यांचा हात थरथरायचा तेव्हा.
मी वरची उंची अर्धा मिलीमीटर जास्त ठेवली.
फार नाही. जेवता येईल,
पण बोलायला लागलं की दातावर दात वाजेल.
टक. टक.
माणूस हळूहळू गप्प झाला.
नऊ वर्षं.

आणि ते कारागीर होते, मैथिली.
माहीमपासून दादरपर्यंत त्यांच्यासारखा चावा
कुणाला जमत नव्हता.
त्यांना पहिल्याच घासाला कळलं असणार.
कानस त्यांच्या उशाशी होती.
घासली नाही.

चार मिनिटं झाली. ट्रे निघताना चपक आवाज होतो.
तिच्या डोळ्यांत पाणी होतं. पेस्टनं येतंच.
तिनं चूळ भरली,
ओठाच्या कडेचं गुलाबी मी पदरानं पुसलं.
"हे परत सांगाल?" असं ती म्हणाली नाही.
त्या दिवशी नाही, नंतरही नाही.

फिल्म सगळ्यांच्या आधी मला दाखवली,
याच खोलीत, दोरीवर चादर टांगून.
जे नको ते सांगा, काढते.
मी वाट बघत होते, पण
त्या जागी नुसता तिचा साचा आहे, ओला,
खालचा डावा सुळा किंचित आत.
मोटर बंद. खाली एल. जे. रोडवरून बस जाते.
कुणीच काही बोलत नाही.
थिएटरात एक गृहस्थ उठून म्हणाले, इथं लांबलंय,
कापायला हवं होतं.
ती माइकमध्ये म्हणाली, हो, लांबलंय.
पुढचा प्रश्न.

आता ती शिवडीला कुणाकडे तरी जाते म्हणे,
बॅग न उघडता.

तिचा साचा मी सालावार लावलाय, शेवटी.
परवा रात्री झोप येईना, तेव्हा
वाटीतली यांची कवळी काढली,
दिव्याशी धरली,
आणि तेवढं घासून टाकलं.