नऊ फूट

सेलूच्या स्टेशनावर, पाण्याच्या टाकीपाशी
दर रविवारी दिवेलागणीला जमतात ही माणसं.
इथंच का? मी वहीत लिहून विचारलं.
धुराजीनं वर बोट केलं : ट्यूबलाईट.
गावातली जाते. ही जात नाही.

मी कॅमेरा लावला.
जिनिंगमधला धुराजी, शमीम, रुक्मांगद टेलर,
परतूरहून पॅसेंजरनं आलेली दोन पोरं.
मला हवे होते डोळे,
डोळ्यांतलं ते काहीतरी
ज्यावर परीक्षक माना डोलावतात.
म्हणून रुक्मांगदचा चेहरा घेतला, कपाळ ते हनुवटी,
आणि तो वीस मिनिटं बोलत राहिला
चौकटीच्या खाली.

रात्री लॉजवर पाहिलं :
भुवया उडतायत, गाल फुगतायत,
शब्द एक नाही.
बोलत्या माणसाला मीच मुसकं घातलेलं.

पुढच्या रविवारी त्यानं गळ्यातला टेप काढला,
त्याच्यापासून माझ्या तिवईपर्यंत दोनदा टाकला,
आणि मला मागं ढकललं, नऊ फूट.
खाली कंबर, वर डोक्यापुढं वीतभर, दोन्ही कोपरं आत.
बुशशर्टाचं माप सांगावं तसं.
तेव्हापासून माझं नाव पडलं :
एक डोळा मिटायचा, तळवा पुढं लोटायचा.

फिल्म मंगल कार्यालयात दाखवली.
पुढच्या रांगेत ऐकणारे, रुमाल काढून.
शमीम उठली, स्पीकरला तळहात लावून उभी राहिली.
मग थेट माझ्याकडं :
मी सासूची नक्कल करते ना तिथं,
तिथं हे असं का थरथरतंय?
सारंगी, मी लिहिलं.
म्हणजे?
म्हणजे… दुःख दाखवायला लावतात.
तिनं वाचलं, कागद शेजारी दिला,
कागद रांगेतून फिरत गेला
आणि मागची अख्खी बाजू अशी हसली
की पुढचे रुमाल वळून बघायला लागले.

माझी सफाई अर्धी लिहून झालेली, तेवढ्यात लाईट गेली.
पुढचे अंधारातच बोलत राहिले,
जनरेटर, चहा, किती हृदयस्पर्शी वगैरे.
मागं एकेक मोबाईल पेटला,
ज्यानं त्यानं दुसऱ्याच्या हातांवर उजेड धरला.
शमीमनं माझा फोन माझ्याच मुठीत वळवला :
इकडं धर. हलवू नको.

धरला.
सासू अजून अर्धीच झाली होती.