अडीच घरं

डलूथमध्ये, एप्रिल संपत आला तरी बर्फ न हटलेल्या गल्लीत,
व्हर्ना लिंडक्विस्टने शेवटचा हप्ता भरला
आणि पावत्यांचं खोकं
स्वयंपाकघरात उपडं केलं.

पहिली पावती: पाचशे त्र्याहत्तर डॉलर.
त्यातले पाचशे बारा व्याजाचे.
मुद्दलातून फिटले एकसष्ट,
म्हणजे त्या महिन्यात आपलं झालं
ते फार तर टपालपेटीचं झाकण.
ऑस्कर असता तर म्हणाला असता,
झाकण तरी धड बसतं का बघ.

मग तीस वर्षांची बेरीज.
पुन्हा एकदा, पेन बदलून.
घर एक.
पैसे अडीच घरांचे.

कॉफी निवली.
तिने उठून मागची खिडकी उघडली,
उरलेलं दीड घर
कुठे दिसतंय का, म्हणून.