सरळ नळी

खलफान म्हणतो, गळत काहीच नाही.
रात्रभर खाली पुठ्ठा अंथरला होता,
सकाळी कोरडा.
नुसता वास. आणि दुपारी बाराला
कुरियातच्या चढावर गाडी ठसकते, मान टाकते,
अर्धा तास उभी केली की पुन्हा शहाणी.

एक्क्याण्णवची क्रेसिडा. माशांचे क्रेट वाहून
डिकीचा पत्रा मिठाने खाल्लेला.
तीन गॅरेजं फिरून आलाय.
एकाने प्लग बदलले, एकाने कार्बोरेटर धुतला,
तिसरा म्हणाला, विकून टाक.

वादी कबीरमध्ये जूनचे सेहेचाळीस अंश.
उन्हात राहिलेला पान्हा हातात धरवत नाही.
बॉनेट उघडतो, इंजिन चालू ठेवतो
आणि कशालाच हात लावत नाही.
फिल्टरच्या पारदर्शक भांड्याकडे बघत बसतो,
दहा मिनिटं, पंधरा.
बुडबुडा.
मग दोन. मग भात रटरटावा तसे.

देवरुखला आमच्या विहिरीवरचा पंप असाच हवा धरायचा.
पाणी कुठे सांडायचं नाही
आणि पाटात नुसती थुंकी.
ओढणारी नळी फाटली की गळत नाही,
ती आत घेते.
हे अरबीत सांगायला जातो तर निघतं एवढंच :
पेट्रोल नाही पीत, हवा पितेय.
खलफान म्हणतो, रमजान संपला, सांग तिला.

त्याला एकच तुकडा बदलून हवाय, फाटलेला तेवढा.
टाकीजवळची नळी काढून दाखवतो,
काळी, तुळतुळीत.
"ही तर नवी!"
दोन बोटांत वाकवतो,
वाकणावर शंभर तोंडं उघडतात.

सरळ नळी खोटं बोलते, वाकवून विचार,
असं पीरबख्श म्हणायचा, ग्वादरचा.
याच खड्ड्यात त्याने मला शिकवलं,
टपल्या मारून, डाव्या हाताने.

सात नळ्या, चौदा क्लॅम्प, मजुरीसकट अठरा रियाल.
तो बारा म्हणतो.
पंधरा, आणि शुक्रवारी एक सुरमई.

बॅटरीची तार सोडली. शफीकुलला
बिडीसकट गल्लीच्या टोकाला पाठवला.
जुनी नळी ओढायची नसते,
गंजका पाइप तिच्यासोबत येतो.
ब्लेडने उभी चीर द्यायची,
शेवग्याची साल काढतात तशी.
टाकीच्या तोंडात बोल्ट खुपसेपर्यंत
पेट्रोल कोपरावरून बगलेत उतरलं.
गार.
या महिन्यात या शहरात फुकट मिळणारी
तेवढीच एक गार गोष्ट,
आणि तीही झोंबते.

चेसिसच्या आतल्या अंगाला एक क्लॅम्प.
स्क्रूचं डोकं भलत्याच बाजूला,
माझं मनगट तिथे वळेचना.
कुठल्या डावखुऱ्या गाढवाने,
असं अर्धं तोंडातून गेलं
आणि मी खड्ड्यात तसाच उभा राहिलो, हात वर.

वरून खलफानचे पाय दिसत होते.
विचारलं, पूर्वी कोणाकडे दाखवायचास ही?
"बापाची गाडी. मला काय माहीत."

पीरबख्श दोन हजार सहाला सुट्टीवर गेला,
हत्यारांची पेटी इथेच ठेवून.
तीन वर्षं वाट पाहून मी कुलूप तोडलं.
पेटी त्याची, पान्हे त्याचे,
आताही हातात होता तो दहा नंबर त्याचाच.

सगळं बसलं. चौथ्या सेल्फला गाडी लागली,
नळ्या भरेपर्यंत तेवढं चालायचंच.
फिल्टरमध्ये एक बुडबुडा आला,
कडेला रेंगाळला, फुटला.
मग नुसतं पेट्रोल, इतकं स्थिर
की भांडं रिकामं वाटावं.

खलफान गेला. शुक्रवारी येतो म्हणाला, बघू.
जुना क्लॅम्प डब्यात टाकला नाही,
खिशात आहे.
आणि त्या आतल्या जागी नवा बसवताना
स्क्रूचं डोकं मी तसंच ठेवलंय, डावीकडे.
पुढे जो कोणी खाली शिरेल
त्याने मला खुशाल शिव्या घालाव्यात.