मंद आचेवर

जुन्या टेपा भाजाव्या लागतात.
ओव्हनमध्ये नव्हे, फळं सुकवायच्या यंत्रात,
चौपन्न अंशांवर आठ तास, मधे एकदा उलटून.
दमटपणाने फितीचा डिंक सुटलेला असतो.
तशीच लावली तर हेडला चिकटते, किंचाळते,
आणि माणसाचं एखादं दशक
तपकिरी भुकटी होऊन टेबलावर पडतं.

पहिल्या दिवशी मेव्हिस ऑडलिंग एवढंच म्हणाली,
"करपवू नकोस."

ग्रिम्स्बीत, मासळी-धक्क्याच्या मागच्या गल्लीत
तिचं स्वयंपाकघर. खोक्यांवर पेन्सिलीने
तिचं बारीक अक्षर:
बर्फाचा कारखाना, रात्रपाळी, १९६३.
तिथे ती हिशेब लिहायची.
पावाच्या डब्यातून रेकॉर्डर आत न्यायची.
लादी फुटतानाचा आवाज तिने उलटा लावला,
मग अर्ध्या वेगाने, मग ब्लेड, चिकटपट्टी, पुन्हा ब्लेड.
अकरा महिन्यांत चार मिनिटं झाली.
लीड्सला ती वाजवली तेव्हा सव्वीस माणसं होती.
शेवटी नऊ, त्यातला एक झोपलेला.

साबण, तीस सेकंद.
या बुडबुड्यांनी छप्पर गळायचं थांबलं.
साबण, तीस सेकंद, पुन्हा.
यांनी बॉयलर आणला.
त्यानंतर सात वर्षांचं खोकंच नाही.
विचारलं, तर म्हणाली,
शाळेत भूगोल शिकवत होते. नद्या.
नद्या मी चांगल्या शिकवायचे.

परवा ब्रिस्टलहून एका पोराचं पत्र आलं.
तीनशे प्रती काढतो म्हणतो, तिला "आद्य" म्हणतो.
तिने चष्मा पुसून ते दोनदा वाचलं
आणि पाठीमागे किराण्याची यादी केली.

एका खोक्यावर लिहिलेलं: चुका. पुसू नये.
ते सगळ्यात शेवटी भाजलं.
आत फक्त विजेच्या तारांची घरघर, पन्नास हर्ट्झची,
जी आयुष्यभर सगळे गाळून टाकतात.
तिने ती तासभर धरून ठेवलेली.
मधे एक खोकला. दार. कुणीतरी पुरुष
"मेव्ह, चहा" म्हणतो, आणि पुन्हा घरघर.

मिरजेला आमच्या घरी तंबोरे लागायचे.
भोपळ्याला कान टेकवून बाबा म्हणायचे,
सूर तारेत नसतो रे, घोडीवरच्या दोऱ्यात असतो,
केसभर सरकला की गेला.
हे तिला सांगायचं होतं. पण आता
तिला काहीच ऐकू येत नाही,
डावा कान आधी गेला, उजवा सावकाश.
ओरडून सांगण्यासारखी ही गोष्ट नाही.

स्पीकरच्या पडद्यावर तळवा ठेवून ती बसली,
कणीक मुरली का बघावं, इतका हलका.
मला सगळं बरोबर वाटत होतं.
बऱ्याच वेळाने म्हणाली,
"हळू चाललीय."

मीटर लावला. एकोणपन्नास पूर्णांक सहा.
पट्टा सैल झाला होता.
मी स्क्रू पिळत होतो तेव्हाही
तिने हात काढला नाही.