पाट्या वाचणारा

शुक्रवार पेठेतल्या तंबूत
पाट्या वाचायचं काम माझं.
पडद्यावर अक्षरं उमटली की बाकावर चढून ओरडायचं:
'हा दैवा! काय हा दुर्धर प्रसंग!'
महिना अडीच रुपये, चहा वेगळा.

नायिका म्हणजे आमचा श्रीपती कळंबेकर.
पहाटे तालमीत हजार जोर, दुपारी नऊवारी.
मूर्च्छा आली की धप्पकन कोसळायचा
आणि सावरायला धावलेला नायक
त्याच्याखाली सापडायचा.
नायकाच्या मिशा डिंकाच्या.
प्रेमाचा प्रसंग रंगात आला की डावी बाजू सुटायची.

आणि खलपुरुष? नरसू.
गुळाच्या अडतीवर काट्यापाशी बसणारा,
ढेपेवरची मुंगी फुंकर घालून उडवणारा नरसू.
त्याला काजळाच्या भुवया काढल्या, बेगडी सुरा दिला,
म्हणाले, विकट हास्य कर.
तो हसला,
पंगतीत वाढप्याला 'पुरे, पुरे' म्हणावं तसा.

त्या रविवारी त्याची आई आली, बायाक्का.
जन्मात पहिल्यांदा तंबूत.
बायकांच्या बाजूला, चुरमुऱ्याची पुडी मांडीवर.

पडद्यावर भयाण कडा
(म्हणजे रंकाळ्याकडची खाण),
कड्याला लोंबणारी अडीच मणाची अबला.
सुरा वर गेला.
पेटीवाल्यानं भात्याचा जीव काढला.
मी छाती भरून घेतली, 'अरे नरा—'

'नरश्याऽऽ! ठेव की तो सुरा खाली!
हात कापून घेशील, मुडद्या!'

आणि फट्. रीळ तुटलं.
अंधार, शिट्ट्या, 'पैसे परत द्या', कुणाचं तरी पोर रडतंय.
ऑपरेटरनं थुंकी लावून जोडलं कसंतरी,
अख्खी मारामारी त्याच्या पायाखाली गोळा होऊन पडली.

पडदा उजळला.
सुरा जमिनीवर.
नरसू हात जोडून उभा.
अबला आपली आपण वर आलेली, पदर झटकतेय.

तंबू चिडीचूप.
बायाक्का सावकाश खाली बसल्या,
शेजारणीला म्हणाल्या,
'ऐकतंय अजून माझं.'

पाटी आली: 'भरला पापाचा घडा!'
मी वाचलं:
'मातोश्री! आपली आज्ञा शिरसावंद्य!'
मालकानं आठ आणे कापले.

पुढच्या रविवारी बायाक्का परत आल्या,
सोबत अख्खी गल्ली.
नरसूनं आदल्या दिवशीच ऑपरेटरच्या घरी
गुळाची ढेप पोचवली होती.
रीळ बरोब्बर तिथंच तुटलं.