बद्द

माझा उजवा कान भाड्यानं दिलेला होता,
कँटनच्या तेरा वखारींत, तिसऱ्या दारापाशी.
डोळे कुणीही वापरतं. मी ते मिटून बसायचो.
बोटाच्या टोकावर स्पॅनिश राजाचं मुंडकं तोलायचं,
कडेला दुसऱ्या नाण्यानं टिचकी.
खणखणीत: डावीकडे.
बद्द: उजवीकडे, आणि देणाऱ्याची मान खाली.
शिसं भरलेलं पोट चांदीच्या कातड्याआड
किती वेळ गप्प बसणार?

वडील सांगायचे, त्यांच्या काळी
साहेबांची गलबतं येताना जड असत, जाताना सुगंधी.
चांदी यायची, चहा जायचा.
माझ्या काळात चांदीच निघाली नदीच्या तोंडाकडे,
लिंतिन बेटाआड नांगरलेल्या जहाजांकडे,
जी कागदावर रिकामी होती.
तिकडून आली आंब्याच्या लाकडाची पेटी.
चाळीस खण, चाळीस गोळे.

एक गोळा फुटलेला पाहिला मी.
खसखशीच्या पाकळ्या थरावर थर चिकटवून केलेलं कवच,
त्यावर अंगठ्याचा ठसा. लहानसा.
बाईचा असेल, नाहीतर पोराचा.
पाटणा कुठे आहे मला माहीत नाही.
तिथंही कुणीतरी अंगठा भाड्यानं दिला होता.

माझा धाकटा भाऊ आ-खेंग त्या पेट्या वाहायचा.
पन्नास वल्ह्यांची होडी, लोक तिला खेकडा म्हणत.
जकातीची नाव तिला कधी गाठू शकली नाही,
कारण जकातीच्या नावेला तिचा वाटा आधीच पोचलेला असे.
पहिल्या वर्षी त्यानं आईला जेडची बांगडी आणली.
तिसऱ्या वर्षी काढून नेली.
शेवटी शेवटी तो वल्हं मारत नव्हता,
वल्हंच त्याला मारत होतं.

मग राजधानीतून हुकूम आला.
हूमेनच्या किनाऱ्यावर तळी खणली,
मीठ ओतलं, चुना ओतला, वीस हजार पेट्या ओतल्या.
आ-खेंग तिथं ढवळायला लागला, मजुरीवर, नुसत्या लंगोटीत.
संध्याकाळी सुटताना तोंड उघडायचं, जीभ वर करून दाखवायची.
समुद्राची आधी क्षमा मागितली म्हणे,
माशांना सांगितलं, जरा बाजूला व्हा.
आ-खेंगला कुणी सांगितलं नाही.
उपाशी माणसाला पंगतीत वाढपी करावं
तसा तो त्या वासात उभा, दिवसामागून दिवस.
एका ओहोटीला फाटक उघडलं, काळं पाणी निघून गेलं,
आणि तो घरी आला नाही.
मासे बाजूला झाले असतील.

हॅलिबर्टन, आमच्या वखारीतला कारकून, वाईट नव्हता.
माझ्या नातीला मनुका द्यायचा.
म्हणाला, हा मालमत्तेचा प्रश्न आहे.
दुभाष्यानं वाटेत त्या शब्दाचं काय केलं कोण जाणे,
माझ्यापर्यंत आला तो 'अब्रू'.
दोन वर्षांनी दोन्हींसाठी तोफा आल्या.
वाऱ्याकडे तोंड करून चालणारं लोखंडी जहाज आलं.
ते पाहायला पोरं भिंतीवर चढली, भिंतीसकट खाली आली.

शहरामागच्या टेकडीवर त्यांनी तोफा चढवल्या
तेव्हा कचेरीतून सगळ्या पारख्यांना बोलावणं.
साठ लाख. सात दिवसांत.
शहर न जाळण्याची किंमत.
समोर हॅलिबर्टन, वही उघडून. मनुका नाहीत.
मी डोळे मिटले, पहिलं नाणं तोललं.
बद्द.
दुसरं.
बद्द.
राजाचं नवंकोरं मुंडकं घेतलं, ज्याला कुणाचाच छाप लागला नव्हता.
बद्द.
तेव्हा कळलं, त्या दोन रात्रींच्या भडिमारात
माझा कान कुणीतरी वसूल करून नेलाय.

सांगितलं असतं तर दुसरा पारखी बसवला असता.
माझं घर भिंतीला लागून होतं.
चेहरा हलू दिला नाही.
प्रत्येकाला म्हणालो, खणखणीत.
सात दिवस, डावीकडे, डावीकडे, डावीकडे.
त्यात शिशाची किती गेली असतील
ते लंडनला कुणाच्या तरी टेबलावर वाजलं असेल.
नसेलही.

हल्ली तांदळाचे सुटे पैसे नात वाजवून घेते.
मी तिचा चेहरा पाहत राहतो.